कथबर्टचे मणी: उत्तर इंग्लंडमधले सहा दिवस

कोल्हापूरला कॉलेजात असताना आमच्या भूशास्त्राच्या प्रयोगशाळेत एक काडेपेटी होती. आत कापूस, कापसावर मसुराएवढी दगडाची चकती आणि चकतीच्या मधोमध आरपार भोक. चिठ्ठीवर सरांच्या अक्षरात लिहिलेलं: क्रिनॉइड, कार्बोनिफेरस, इंग्लंड. सर ती चकती प्रत्येकाच्या तळहातावर ठेवायचे आणि सांगायचे, "हा देठाचा तुकडा आहे. पण देठ झाडाचा नाही, प्राण्याचा." तो प्राणी म्हणजे क्रिनॉइड, समुद्रातला एक जीव; आणि कार्बोनिफेरस हे पृथ्वीच्या फार जुन्या एका कालखंडाचं नाव.

आम्ही काळ्या दगडावर वाढलेली माणसं. लाव्हा थंड होऊन झालेला आमचा बेसाल्ट, त्यात समुद्रातले प्राणी कुठून मिळणार? घराघरात शहाबादी फरशी असते, तो चुनखडक खराच, पण कवच आणि सांगाडे असलेले प्राणी पृथ्वीवर येण्याआधीचा. आयुष्यभर ती फरशी पुसली, त्यात एक शिंपला दिसला नाही. त्यामुळे ती काडेपेटीतली चकती माझ्या मनात घर करून राहिली. पुढे एकतीस वर्षं भूगोल शिकवला, फळ्यावर क्रिनॉइडची आकृती कितीदा काढली, पण तो खडक डोंगरात उभा असलेला पाहिला नव्हता. भाची सई न्यूकॅसलला नोकरी करते. निवृत्तीनंतर तिच्याकडे गेले तेव्हा तिने आठवड्याची रजा काढली आणि म्हणाली, "मावशी, लंडन-बिंडन नंतर. आधी तुझे मणी." भोकाच्या या चकत्यांना तिकडे संत कथबर्टचे मणी म्हणतात.

दिवस पहिला: डरहॅम

सुरुवात कॅथीड्रलपासून केली, कारण ज्याच्या नावाने हे मणी ओळखले जातात तो संत कथबर्ट इथे पुरलेला आहे. न्यूकॅसलहून आगगाडीने पंधरा मिनिटं. स्टेशनातून बाहेर पडलं की नदीच्या वळणावर उंच टेकाडावर ते भलंमोठं दगडी देऊळ दिसतं. देऊळ हाच शब्द मनात आला, तोच ठेवते. बांधकाम १०९३ साली सुरू झालं.

कथबर्ट सातव्या शतकातला. लिंडिसफार्न बेटावरच्या मठातला साधू, पुढे तिथला बिशप, ६८७ साली वारला. वायकिंगांच्या धाडी वाढल्यावर ८७५ साली मठातल्या साधूंनी त्याची शवपेटी उचलली आणि बेट सोडलं. पेटी खांद्यावर घेऊन पिढ्यानपिढ्या हिंडत अखेर ९९५ साली ते डरहॅमला पोचले. मुख्य वेदीच्या मागे एका साध्या शिळेवर त्याचं नाव कोरलंय, एवढीच समाधी. आजूबाजूला मेणबत्त्या. एक वयस्क गृहस्थ गुडघे टेकून बसले होते, ते उठेपर्यंत आम्ही खांबाआड थांबलो.

समाधीच्या पलीकडे तेराव्या शतकातलं नऊ वेद्यांचं दालन आहे. तिथले सडपातळ काळे खांब फ्रॉस्टर्ली संगमरवराचे. नाव संगमरवर, पण खडक म्हणून तो काळा चुनखडकच. इतका घट्ट की घासला की चकाकतो. वेअर नदीच्या खोऱ्यात निघतो. त्यावर पांढऱ्या जाळीदार नक्षीचे ठिपके आहेत, लांबून कुणी चुन्याची बोटं उमटवल्यासारखे. तिथल्या स्वयंसेवक बाईंनी मला वाकून बघताना पाहिलं आणि त्या खिशातून छोटी विजेरी काढून जवळ आल्या. प्रकाश समोरून टाकायचा नाही, खांबाला लागून तिरपा धरायचा, हे त्यांनी दाखवलं. तसा धरल्यावर ठिपक्यातल्या आरीसारख्या उभ्या पडद्या दिसायला लागल्या. ही प्रवाळं, क्रिनॉइड नव्हेत. पण समुद्र तोच, काळही तोच, बत्तीस-तेहतीस कोटी वर्षांपूर्वीचा, जेव्हा इंग्लंडची ही जमीन विषुववृत्ताजवळ उथळ, कोमट पाण्याखाली होती. बाई म्हणाल्या, "लोक छताकडे बघतात. खांबाकडे बघणारे कमी." मी त्यांना आमच्या देवळांतल्या काळ्या खांबांबद्दल सांगितलं. त्यांना फार नवल वाटलं की आमच्याकडे अख्खा डोंगरच्या डोंगर लाव्ह्याचा असतो.

डरहॅमला जाणार असाल तर दालनात सकाळी जा, पूर्वेच्या खिडकीतून ऊन येतं तेव्हा खांब उजळतात. दगडाला हात लावायचा मोह आवरा, आणि विजेरी वापरायची तर आधी विचारा.

दिवस दुसरा: समुद्राने अडवलं

लिंडिसफार्न हे बेट आहे आणि नाहीही. भरतीला बेट, ओहोटीला मुख्य भूमीला जोडलेलं. मधून डांबरी रस्ता आहे, तो दिवसातून दोनदा समुद्राखाली जातो. सुरक्षित वेळा छापून लावलेल्या असतात आणि त्या दररोज बदलतात. आम्ही त्या पाहिल्या होत्या, पण आदल्या दिवशीच्या. वाटेत चहाला थांबलो, पोचलो तेव्हा वेळ उलटून वीस मिनिटं झाली होती.

रस्ता अजून कोरडा दिसत होता. पुढची एक गाडी तशीच गेली. सईने इंजिन बंद केलं आणि म्हणाली, "नाही जायचं." तिचं बरोबर होतं. पाऊण तासात पाणी दोन्ही बाजूंनी, अजिबात आवाज न करता, रस्त्यावर चढलं. लाट वगैरे काही नाही. ताटात आमटी पसरावी तसं पसरत गेलं. मध्यावर लाकडी खांबांवर एक पांढरी खोली उभी आहे, अडकलेल्या माणसांनी शिडीने चढून बसायची. दर वर्षी कुणी ना कुणी अडकतंच. ती पुढची गाडी पार झाली की नाही कळलं नाही, पण संध्याकाळपर्यंत मन तिच्यात होतं.

पाच तास थांबलो. दशम्या, शेंगदाण्याची चटणी आणि थर्मासमधला चहा होता, त्यामुळे उपाशी राहिलो नाही. वारा असा की गाडीचं दार उघडताना दोन्ही हातांनी धरावं लागत होतं. दलदलीवर हंसांसारखी पण काळ्या मानेची बदकं उतरत होती. ती ब्रेंट गीज, थंडीसाठी उत्तर ध्रुवाकडच्या स्वालबार्डहून इथे येतात. संध्याकाळी पाणी मागे सरलं, रस्त्यावर शेवाळ आणि शिंपल्यांचा चुरा ठेवून. आम्ही ओल्या रस्त्यावरून सावकाश बेटावर गेलो.

इथे एक सांगते. दिवसाच्या दिवसात परत यायच्या बेताने जाऊ नका. पाणी चढलं की बहुतेक पर्यटक निघून जातात, बेट राहतं तिथल्या दीडएकशे लोकांचं. त्या रात्री खिडकी उघडली तर लांबून गाण्यासारखा आवाज येत होता, बायका एका सुरात हुंदके देताहेत असा. घरमालकीणबाई म्हणाल्या, वाळूच्या दांड्यावर सील पडलेत, तेच. मी बराच वेळ ऐकत बसले.

दिवस तिसरा: मणी

सकाळी गावातल्या मठाच्या लालसर भग्न भिंती पाहिल्या, मग किल्ल्याच्या पायथ्याशी गेलो. किल्ला ज्या काळ्या सुळक्यावर बसलाय तो पाहताच मी सईला म्हटलं, "अगं, हा आपला दगड!" तो डोलेराइट. आमच्या सह्याद्रीत बेसाल्टला छेदून जे उभे दंड जातात त्याच जातीचा. फक्त हा कितीतरी जुना, सुमारे साडेएकोणतीस कोटी वर्षांचा. खालून आलेला शिलारस चुनखडकाच्या थरांत घुसून थिजला. तिथून समुद्राकडे वळलं की जुन्या चुनाभट्ट्या आहेत, घोड्याच्या नालाच्या कमानींच्या. एकोणिसाव्या शतकात बेटावरचा चुनखडक इथे भाजला जायचा. किती मणी त्या भट्टीत जळून चुना झाले असतील, हा विचार मला सोडेना.

उत्तर किनाऱ्याला जायला वाळूच्या टेकड्यांमधून तासभर चालावं लागतं. गुडघ्याएवढं धारदार गवत, पायाखाली सरकती वाळू. बूट घोट्याच्या वर येणारे घाला. किनाऱ्यावर चुनखडकाचे करडे थर समुद्राकडे उतरत जातात. हे राखीव निसर्गक्षेत्र आहे, हातोडी चालवायची नाही. ती मी आणलीही नव्हती. दहा पट मोठं दाखवणारं भिंग तेवढं गळ्यात होतं.

पहिला दीड तास काहीच नाही. खडकात तुटक्या गोल खुणा दिसत होत्या, पण सुटा मणी दिसेना. तेव्हा कुत्र्याला घेऊन एक आजी आल्या. डोक्याला लोकरीचा रुमाल, हातात काठी. काय शोधतोय म्हणून विचारलं. सईने सांगितल्यावर त्या म्हणाल्या, "कडीज बीड्स! आम्ही लहानपणी मुठीमुठीने वेचायचो. आता ओहोटीच्या रेषेवर, बारीक खडी साचते तिथे बसा. उभ्याने दिसत नाहीत."

कडी म्हणजे कथबर्टच. इथले लोक त्याला लाडाने कडी म्हणतात. आपण ज्ञानेश्वरांना माउली, तुकारामांना तुकोबा म्हणतो, तसंच. त्याने आयडर बदकांना अभय दिलं होतं, म्हणून त्या बदकांनाही इथे कडीचं बदक म्हणतात. मण्यांची गोष्ट अशी की वादळी रात्री कथबर्ट एका खडकावर बसतो, दुसऱ्या खडकाची ऐरण करतो आणि आपल्या भक्तांच्या जपमाळेसाठी मणी घडवतो. सकाळी ते किनाऱ्यावर सापडतात. वॉल्टर स्कॉटच्या १८०८ सालच्या 'मार्मियन' काव्यातही ही गोष्ट आली आहे. साधू सातव्या शतकातला असला तरी मण्यांना त्याचं नाव जोडलेलं लेखी सापडतं ते १६७१ पासून. जॉन रे हा निसर्गअभ्यासक इकडे आला होता, त्याने ते टिपून ठेवलं.

आजींनी सांगितल्याप्रमाणे खडीत मांडी घालून बसले. दहा-बारा मिनिटांत सापडला. मसुराएवढा, करडा, पाण्याने ओला. मी तो तळहातावर घेतला आणि खिशातला रुपया शेजारी ठेवून फोटो काढला, माप कळावं म्हणून. मग भिंग लावलं.

जात्याला टाकी लावलेली असते ना, खुंट्याच्या भोकापासून कडेपर्यंत बारीक बारीक आऱ्या, अगदी तसंच. मधलं भोक, भोवती सपाट कडं आणि कडेला चहूबाजूंनी किरणांसारख्या खाचा. एका चकतीच्या खाचेत दुसऱ्या चकतीचा उंचवटा बसायचा, म्हणून शेकडो चकत्यांचा देठ लाटेत वाकायचा पण सरकायचा नाही. मधल्या भोकातून जिवंत ऊती आणि मज्जातंतू देठभर जात. काडेपेटीतली चकती मी पन्नास वेळा हातात घेतली असेल, पण तिच्या खाचा झिजलेल्या होत्या. ही टाकी मला पहिल्यांदा दिसली, तेव्हा हात थरथरत होता.

थोडं समजावून सांगते, कारण सईनेही हेच विचारलं. क्रिनॉइड म्हणजे समुद्र-लिली. नाव फुलाचं, पण भाऊबंद तारामासा आणि समुद्री अर्चिन यांचे. तळाशी मुळासारखी पकड, त्यावर चकत्यांचा देठ, वर पेल्यासारखा देह आणि पेल्याभोवती पिसांसारखे हात. प्रवाहात हात पसरून तरंगते अन्नकण पकडायचे आणि वरच्या बाजूला असलेल्या तोंडाकडे पोचवायचे, हे त्याचं जगणं. मेल्यावर चकत्या बांधणारे तंतू काही दिवसांतच कुजतात आणि सगळा सांगाडा विस्कटतो. म्हणून अख्खं क्रिनॉइड दुर्मीळ आणि मणी अगणित. गाळाने एका दमात गाडलं गेलं तरच पूर्ण फूल हाती लागतं.

अजून एक गोष्ट, जी मला सगळ्यांत सुंदर वाटते. प्रत्येक चकती हा कॅल्साइटचा एकच स्फटिक असतो. जिवंतपणी तो जाळीदार, छिद्रांत मांस भरलेलं. गाडल्यावर छिद्रांतही कॅल्साइट भरतं. त्यामुळे क्रिनॉइडचा खडक फोडला की तुटलेली चकती आरशासारखी सपाट चमकते. इतर शिंपल्यांचा तुकडा तसा चमकत नाही. रानात क्रिनॉइड ओळखायची ही साधी खूण: खडक उन्हात फिरवा, लख्ख चमकणारे गोल सपाटे दिसले की समजा.

दिवसभरात तीन मणी सापडले. तिन्ही खडीत परत ठेवले. आजींच्या नातवंडांनाही शोधायला काहीतरी राहायला हवं.

जेवायला गावात बटाटा आणि लीकचं गरम सूप आणि चीज घातलेले स्कोन. शाकाहारी माणसाची इथे पंचाईत होत नाही, फक्त दुपारी तीननंतर स्वयंपाकघरं बंद होतात, आधी जा.

दिवस चौथा: डेंटकडे

बेट सोडून नैऋत्येला, यॉर्कशर डेल्सच्या डोंगरांत. तीन-साडेतीन तासांचा रस्ता, निम्मा वेळ पाऊस. गाडी चालवता चालवता सई म्हणाली, "मावशी, मग आता या संपल्या सगळ्या?"

शास्त्रज्ञांनाही बराच काळ असंच वाटत होतं, की देठाच्या समुद्र-लिली जवळपास नामशेष झाल्या. अठराव्या शतकात कॅरिबियन समुद्रातून एखादा नमुना फ्रान्सला पोचला होता. पण १८६४ साली नॉर्वेच्या लोफोतेन बेटांजवळ खोल पाण्यातून जाळ्यात एक जिवंत, इवलीशी देठवाली समुद्र-लिली वर आली, आणि खोल समुद्रात आणखी काय काय असेल या कुतूहलाने लोक पेटले. चॅलेंजर जहाजाची १८७२ ची मोठी मोहीम निघण्यामागे हेही एक कारण होतं. आज क्रिनॉइडच्या सहाशेच्या आसपास जाती आहेत. बहुतेक बिनदेठाच्या, ज्यांना पिसतारे म्हणता येईल, त्या प्रवाळांवरही दिसतात. देठाच्या मात्र खोल पाण्यात गेल्या. आणि त्या जागेला खिळलेल्याही नाहीत. पाणबुडीतून घेतलेल्या चित्रफितींत देठवाली समुद्र-लिली देठ मागे ओढत हातांनी सरपटत जाताना दिसली आहे. हे ऐकून सईने गाडी बाजूला घेतली आणि फोनवर ती चित्रफीत शोधून पाहिली. पुढे बराच वेळ दोघी गप्प होतो.

डेंट हे खेडं. गोट्यांच्या अरुंद गल्ल्या, पांढऱ्या भिंती. चौकात पाण्याचं कारंजं आहे, गुलाबी ग्रॅनाइटच्या ओबडधोबड दगडाचं, त्यावर नाव ॲडम सेजविक. भूशास्त्र शिकलेल्या माणसाला इथे थांबावंच लागतं. सेजविक १७८५ साली याच गावात जन्मला, केंब्रिजला भूशास्त्राचा प्राध्यापक झाला, कँब्रियन कालखंडाला नाव दिलं, आणि १८३१ साली तरुण चार्ल्स डार्विनला वेल्सच्या डोंगरांत खडक वाचायला शिकवलं. मी त्या दगडाला हात लावून नमस्कार केला. बाजूने जाणाऱ्या मुलाने वळून पाहिलं, मग त्यानेही हात लावला.

चर्चमध्ये वेदीपुढची फरशी पाहायला विसरू नका. डेंटच्याच खाणींतला संगमरवर, म्हणजे पुन्हा घोटलेला चुनखडकच. काळा तो एकसलग, करडा तो क्रिनॉइडने ठासून भरलेला. पाय ठेवायला जीव धजेना. गोल चकत्या, आडव्या कापलेल्या देठांचे पट्टे, कुठे तिरक्या कापलेल्या लंबगोल खुणा. कुणी पांढऱ्या मण्यांची माळ तोडून काळोखात भिरकावली आणि ती तशीच थिजली.

दिवस पाचवा: आर्टन गिल

डेंट स्टेशन गावापासून चांगलं चार मैलांवर, डोंगरावर आहे; इंग्लंडच्या मुख्य रेल्वेमार्गांवरचं सगळ्यांत उंच स्टेशन, ११५० फुटांवर. कुणी आगगाडीने येणार असेल तर हा चढ-उतार हिशेबात धरा, स्टेशनावर वाहन उभं असेलच असं नाही. जवळच आर्टन गिलचा पूल, अकरा कमानींचा. संपूर्ण पूल इथल्याच संगमरवरी चुनखडकाचा आहे. खाली ओढ्याकाठी संगमरवर कापायचा नि घोटायचा कारखाना होता, पाणचक्कीवर चालणारा. १८३५ साली विल्यम आर्मस्ट्राँग नावाचा तरुण वकील इथे मासे पकडायला आला होता. चाक फिरताना पाण्याची किती ताकद वाया जातेय हे त्याच्या लक्षात आलं, त्यातून त्याची पाण्याच्या दाबावर चालणारी यंत्रं आली आणि न्यूकॅसलचा मोठा उद्योग उभा राहिला. सई रोज ज्या शहरात कामाला जाते ते शहर घडण्यात क्रिनॉइड घोटणाऱ्या चाकाचा असा हात आहे.

कमानीखाली एक शेतकरी पडलेला बांध रचत होता. चुना-सिमेंट काही नाही, दगडावर दगड. आमच्याकडचे गडगे असेच. मी बांधाकडे टक लावून पाहतेय म्हटल्यावर तो म्हणाला, "आज काय दिसणार? कोरडा आहे. पाऊस पडू द्या, मग बघा." त्याने बाटलीतलं पाणी एका दगडावर ओतलं. राखाडी, खडबडीत, डोळ्यांत न भरणारा तो दगड एका क्षणात काळा पडला आणि त्यावर चाळीस-पन्नास पांढरे गोल वर आले. पाणी सुकलं तसे गेले. त्याने दुसऱ्या दगडावर ओतलं. तिसऱ्यावर मी ओतलं. आम्हा तिघांचं बाटलीतलं पाणी संपेपर्यंत तेच चाललं होतं. तो म्हणाला, आजोबांनी त्याला असंच दाखवलं होतं, आणि आजोबा त्यांना स्क्रू म्हणायचे.

स्क्रू का, ते पुढच्या मुक्कामी डर्बीशरमध्ये नीट कळतं. तिथे काही थरांत चकत्यांभोवती गारगोटीसारखा कठीण दगड जमला आणि मागाहून चकत्या विरघळून गेल्या. राहिला तो पोकळीतला साचा, मळसूत्राच्या आट्यांसारखा. लोक त्यांना डर्बीशर स्क्रू म्हणतात.

संध्याकाळी चहाबरोबर फळांचा केक आणि त्यावर वेन्सलीडेल चीजचा तुकडा. ऐकायला विचित्र, पण गूळ-तुपासारखी जोडी जमते.

दिवस सहावा: लॅथकिल डेल

सकाळी लवकर निघून दुपारी डर्बीशरमधल्या मॉनिॲश गावी पोचलो. गावातून लॅथकिल डेलची घळ सुरू होते. थोडं आत गेलं की डाव्या हाताला रिकलो खाण, तिथून एकेकाळी शेकोटीभोवतीच्या चौकटींसाठी आणि फरशांसाठी घोटायचा करडा क्रिनॉइड दगड जायचा. आता खाण ओस आहे, मोठमोठे तुटके धोंडे वाटेपर्यंत ओघळलेत. वाट अवघड नाही, पण शेकडो वर्षांच्या पावलांनी चुनखडक काचेसारखा गुळगुळीत झालाय. ओला असला तर घसरतो. काठी घ्या, मुलांचा हात धरा.

आम्ही घळीत शिरलो आणि पाऊस आला. रिमझिम नव्हे, आपल्या आषाढासारखा, वाऱ्यासकट. सई परत फिरू या म्हणत होती. मी शेतकऱ्याचं वाक्य आठवून थांबले.

वाटेवर कुंपण ओलांडायला दगडी पायऱ्या आहेत, एका वेळी एकच माणूस जाईल इतक्या अरुंद फटीच्या. त्या फटीचे दोन्ही उभे दगड पावसाने भिजले आणि खालपासून वरपर्यंत उजळले. चकत्याच चकत्या. बोटाएवढ्या जाड, मोहरीएवढ्या बारीक. एका ठिकाणी देठाचा वीतभर तुकडा, चकत्या अजून एकमेकींना धरून, जपमाळेसारखा वाकलेला. येणाऱ्या-जाणाऱ्यांच्या कपड्यांनी दगडाची कडा घासून तुळतुळीत झाली होती. तो देठ नेमका त्या कडेवर होता, त्यामुळे त्याच्या अर्ध्या चकत्या उभ्या चिरलेल्या आणि आतलं भोक एका रेषेत, वरपासून खालपर्यंत, नळीसारखं दिसत होतं.

म्हणजे तो मज्जातंतूचा मार्ग. सरांनी तळहातावर एक चकती ठेवून जे सांगितलं होतं, ते इथे अख्खं, एकामागून एक, तेहतीस चकत्यांत. मी मोजल्या. सईने छत्री माझ्यावर धरली होती आणि ती स्वतः भिजत होती. १८२१ साली ब्रिस्टलच्या मिलरने या प्राण्यांना क्रिनॉइडिया, लिलीसारखे, हे नाव दिलं. त्याआधी १५४६ साली जर्मनीत ॲग्रिकोलाने चकत्यांना चाकाचं नाव देऊन नोंदवलं होतं. १६७३ साली मार्टिन लिस्टरने यॉर्कशरच्या तुकड्यांची बारकाईने वर्णनं लिहिली, तेव्हा त्यांना दगडी वनस्पती समजत. पावणेतीनशे वर्षं इतकी माणसं या भोकात डोकावत राहिली. मला एकाएकी आमच्या सरांचा भिंगाला लावलेला डोळा आठवला.

मागून एक कुटुंब आलं, रेनकोट घातलेलं. आम्ही फट अडवून उभ्या होतो. बाजूला झालो तर त्यांची सात-आठ वर्षांची मुलगी पुढे न जाता थांबली आणि "काय आहे तिथे?" म्हणाली. मी तिला भिंग दिलं. तिने एक डोळा मिटला, नाक जवळजवळ दगडाला टेकवलं. आई हाका मारत राहिली. पाऊस थांबल्यावर दगड वरच्या बाजूने सुकायला लागला तेव्हा मुलीने ओंजळीत पाण्याच्या डबक्यातलं पाणी घेतलं आणि पुन्हा त्यावर टाकलं.